प्लीज लिहिलं तरी रूड कसं?

मागच्या अंकात मी जाता जाता लिहिलं होतं की इंग्रजीत उद्धटपणाचे शब्द ढीगभर आहेत आणि प्रत्येकाची जागा ठरलेली आहे, तर त्यावर एवढी पत्रं आणि मेल आले की बाकीचे प्रश्न (प्रीपोझिशनवाले, थांबा जरा) पुढच्या अंकावर ढकललेत. पत्रं थोडी कापली आहेत आणि नावं मुद्दाम दिलेली नाहीत, कारण काहींनी आपल्या साहेबांबद्दल जे लिहिलंय ते छापलं तर मला पुढचा अंक घरी बसून वाचावा लागेल.

प्रश्न : ताई, मी हिंजवडीत आयटीत आहे. लंडनच्या क्लायंटने माझ्या मॅनेजरला सांगितलं की ह्याचे मेल 'कर्ट' असतात. मी तर प्रत्येक मेलमध्ये प्लीज लिहितो! हा बघा नमुना, 'प्लीज सेंड द फाईल टुडे ओन्ली. टेस्टिंग इज पेंडिंग फ्रॉम युवर साईड.' ह्यात वाईट काय आहे? रूड म्हणाला असता तर एकवेळ समजलो असतो, हे कर्ट काय प्रकरण आहे? अप्रेजल तोंडावर आलंय. (पिंपळे सौदागर)

उत्तर : वाईट शब्द एकही नाहीये, म्हणूनच तो कर्ट म्हणाला. कर्ट म्हणजे तोडून टाकल्यासारखं बोलणं, मूळ लॅटिन शब्दाचा अर्थच मुळी कापून आखूड केलेलं असा आहे, आणि त्यात एक छटा अशी की बोलणारा वैतागलाय, समोरच्यावर चार शब्द जास्त खर्च करायचे त्याच्या जिवावर आलंय. म्हणजे तुझ्या क्लायंटला तू उद्धट वाटत नाहीयेस, तू त्याच्यावर चिडलायस असं वाटतंय. शेजारचे शब्दही बघून घे. अब्रप्ट म्हणजे नमस्कार चमत्कार काही न करता धाडकन मुद्द्यावर येणं. ब्रस्क म्हणजे घाईतला, बाहेर पेशंटची रांग लागलेली असताना डॉक्टर बोलतात ना तसा, मनात काही नसतं, काम उरकायचं असतं. आणि ब्लंट म्हणजे आपला फटकळ. फटकळ माणसाला त्याचा थोडा अभिमानही असतो, तसं इंग्रजीतही 'टू बी ब्लंट' असं लोक स्वतःहून सांगून मग बोलतात. 'टू बी कर्ट' असं म्हणून कोणी सुरुवात करत नाही.

आता तुझा मेल मराठीत म्हणून बघ. 'फाईल आजच पाठवा प्लीज, टेस्टिंग तुमच्याकडून राहिलंय.' काही वावगं वाटतं? नाही. कारण 'पाठवा'मधल्या त्या 'वा'ने सगळं काम केलंय. आपल्याकडे पाठव, पाठवा, पाठवाल का, पाठवता का जरा, अशी सगळी उतरंड क्रियापदातच आहे, आणि इंग्रजीत 'सेंड' एकच, पोराला पण सेंड आणि सीईओला पण सेंड. आपण मनात 'पाठवा' म्हणतो आणि तिकडे पोचतं 'पाठव'. त्याला प्लीज लावलंस म्हणजे हुकूम सभ्य झाला, पण राहिला हुकूमच.

मग इंग्रजी बोलणारा माणूस आदर ठेवतो कुठे? तर तो समोरच्याला नाही म्हणायला जागा ठेवतो. 'कुड यू सेंड द फाईल टुडे?' असं विचारतो, म्हणजे प्रश्नचिन्ह आलं, म्हणजे समोरचा निदान कागदावर तरी नाही म्हणू शकतो. त्याहून नरम हवं तर 'आय वॉज वंडरिंग इफ यू कुड'. विचारतोय आत्ता आणि म्हणतोय 'वॉज', हे कसं, असं मला क्लासमध्ये दर बॅचला कोणीतरी विचारतंच, तर अहो आपण वाण्याकडे जाऊन काय म्हणतो, 'शंभराचे सुट्टे हवे होते.' होते कसले, आत्ता हवेत ना! शेजारी दार वाजवून म्हणतात, 'जरा बोलायचं होतं.' तोच भूतकाळ, त्याच कामासाठी. पेनेलोपी ब्राउन आणि स्टीफन लेव्हिन्सन ह्या दोन भाषा-अभ्यासकांनी १९७८ साली बोलण्यातल्या सभ्यपणाच्या ह्या विषयावर लिहिलं आणि १९८७ मध्ये त्याचं पुस्तक आलं, त्यात इंग्रजीबरोबर तमिळ आणि मेक्सिकोतली त्सेल्ताल अशा भाषांचे नमुने आहेत, आणि त्यांचं म्हणणं साधारण असं की कुठलीही विनंती म्हणजे समोरच्याच्या मोकळेपणावर थोडं अतिक्रमण असतं, आणि प्रत्येक भाषा ते सौम्य करायचे रस्ते काढते. आपला रस्ता आणि त्यांचा रस्ता वेगळा आहे इतकंच.

'टुडे ओन्ली' काढून टाक. आपल्या डोक्यात ते 'आजच' असतं, त्यांना ते 'फक्त आजच्यापुरतं' असं ऐकू येतं, सेल लागल्यासारखं. 'पेंडिंग फ्रॉम युवर साईड' पण काढ, ते सरळ बोट दाखवणं आहे. असं लिही : 'हाय, कुड यू सेंड द फाईल टुडे, इफ पॉसिबल? वी विल स्टार्ट टेस्टिंग अॅज सून अॅज वी हॅव इट. थँक्स.' अर्थ तोच, घाई पण कळली, आणि राहिलंय कोणाकडून हे त्याचं त्याला कळतं.

आणि हो, मेल सुधारले तरी कॉलवर सुरांकडे लक्ष ठेव. जॉन गम्पर्झ नावाच्या भाषाशास्त्रज्ञाने १९८२ च्या आपल्या पुस्तकात एक किस्सा दिलाय जो मी सगळ्यांना सांगते. ब्रिटनमधल्या एका मोठ्या एअरपोर्टवर स्टाफ कँटीनमध्ये भारतीय आणि पाकिस्तानी बायका नव्याने वाढायला लागल्या आणि थोड्याच दिवसांत तक्रारी की ह्या सर्ली आहेत, म्हणजे घुम्या, तुसड्या, सहकार्य नाही. बरं, बोलणं असायचं किती? मीट घेतलेल्या माणसाला ग्रेव्ही हवी का एवढंच. ब्रिटिश बाई म्हणायची 'ग्रेव्ही?' सूर वर नेऊन. आपली बाई म्हणायची 'ग्रेव्ही.' सूर खाली आणून. आपल्या कानाला तो साधा प्रश्न, 'ग्रेव्ही घेणार?', पण तिकडच्या माणसाला वाटायचं ही मला सांगतेय की ही ग्रेव्ही आहे, घ्यायची तर घे. शब्द एक, तोही बरोबर, आणि तरी भांडण! रेकॉर्डिंग ऐकवल्यावर त्या बायकांच्या लक्षात आलं, आणि एवढे दिवस हे लोक आपल्याशी असं का वागतात ह्याचाही उलगडा झाला. तुझ्या कॉलवर 'येस.' आणि 'टेल मी.' हे असंच होत असणार. 'टेल मी' म्हणजे आपलं 'बोला', किती आदराने म्हणतो आपण, आणि त्यांना वाटतं चौकशी सुरू झाली.

प्रश्न : एका जुन्या इंग्रजी पुस्तकात 'रूड हेल्थ' वाचले आणि दुसऱ्यात 'रूड हट'. प्रकृती उद्धट कशी असेल आणि झोपडी तर त्याहून नाही. खुलासा करावा. (सदाशिव पेठ)

उत्तर : काका, दोन्ही बरोबर आहेत. रूड हा शब्द लॅटिनमधल्या 'रुडिस'वरून आलाय, म्हणजे कच्चं, न घडवलेलं. म्हणून रूड हट म्हणजे ओबडधोबड, हाताला येईल त्या सामानातून उभी केलेली झोपडी, आणि रूड हेल्थ म्हणजे खणखणीत तब्येत, हा प्रयोग ब्रिटिश लोक अजूनही करतात. त्याच रुडिसमधून इरुडाईट निघालाय, म्हणजे ज्याचा कच्चेपणा शिकून शिकून गेलाय असा विद्वान. उलट बाजूला पोलाइट, त्याच्या मुळाशी पॉलिश. एक न घासलेला आणि एक घासलेला. ब्रिटनमध्ये 'रूड जोक' म्हणजे चावट विनोद हेही जाता जाता, नातवंडं काय बघतायत ते कळायला उपयोगी पडेल.

ह्यातली एक गोष्ट मला कायम खटकते. बुअर, म्हणजे अडदांड गावंढळ माणूस, हा शब्द डच भाषेतल्या शेतकऱ्याच्या शब्दावरून. चर्लिश म्हणजे कद्रू मनाचा, उर्मट, तो जुन्या इंग्रजीतल्या साध्या कुळवाड्यावरून. व्हिलन म्हणजे मूळचा गावकरी! आणि अर्बेन, सिव्हिल, हे सगळे चांगले शब्द शहरातून, कर्टसी राजाच्या दरबारातून. आपलं तरी काय, खेडवळ, गावठी, अडाणी, आणि नागर म्हटलं की सुसंस्कृत. कोश शहरात बसून लिहिले जातात, दुसरं काय.

प्रश्न : मुलगा सहावीत आहे, इंग्लिश मीडियम. गेल्या वर्षी बाईंनी डायरीत लिहिलं होतं 'ही इज अ बिट चीकी', ह्या वर्षी नवीन बाईंनी लिहिलंय 'ही इज इम्पर्टिनंट'. सासूबाई म्हणतात शब्द मोठा आहे म्हणजे प्रगती आहे. मला तसं वाटत नाही. नक्की कितपत वाईट? (कोथरूड)

उत्तर : सासूबाईंना सांगा, बढती झालीय खरी, पण चुकीच्या खात्यात. चीकी म्हणजे आगाऊ, पण म्हणणाऱ्याच्या ओठांवर हसू असतं, ब्रिटिश लोक तर हा शब्द लाडानेच वापरतात. इम्पर्टिनंटला हसू नाही. त्याचा जुना अर्थ 'विषयाला सोडून' असा होता, त्यातून आला 'तुझा संबंध नसताना तू बोललास', म्हणजे आपलं 'तुला कोणी विचारलं होतं का मध्ये?' आगाऊपणा अधिक चोंबडेपणा. त्याच्या पुढची पायरी इम्प्युडंट, म्हणजे ज्याला लाजच नाही, बोलणी खाऊन पण दात काढणारा, आपला कोडगा. आणि सगळ्यात वर इन्सोलंट, उद्धट, उर्मट, समोरच्याला मुद्दाम तुच्छ लेखणारा. तिथे डायरी संपते आणि प्रिन्सिपलची केबिन सुरू होते.

पण ह्या शब्दांमधली खरी गंमत पायऱ्यांमध्ये नाहीये, दिशेमध्ये आहे. हे सगळे शब्द खालून वर जातात. मुलगा बाईंना उलट बोलला तर मुलगा इम्पर्टिनंट, पण बाईंनी मुलाला सगळ्या वर्गासमोर झापलं, वाट्टेल ते बोलल्या, तरी बाई काही इम्पर्टिनंट होत नाहीत, शब्दच लागू होत नाही. नोकर मालकाला इन्सोलंट असतो, मालक नोकराला नसतो. म्हणजे हा शब्द ज्याला चिकटवला त्याच्याबद्दल जेवढं सांगतो ना, तेवढंच चिकटवणारा स्वतःला कुठल्या पायरीवर समजतो ते पण सांगतो. अमेरिकेतला 'अपिटी' हा तर ह्याच जातीचा फार वाईट शब्द, आपली पायरी सोडून वागणारा अशा अर्थाचा, आणि तो तिथे काळ्या लोकांना डिवचायला इतका वापरला गेलाय की आपण त्याच्या वाटेला जाऊच नये.

म्हणून मी सांगेन की बाईंना भेटून फक्त एवढंच विचारा, तो नक्की काय म्हणाला? वाक्य काय होतं? फळ्यावर गणित चुकलं आणि हा म्हणाला 'मॅम, इट शुड बी सेव्हन', तर ते बरोबर आहे, फार तर बोलण्याची वेळ चुकली. 'मॅम, इव्हन माय सिस्टर कॅन डू धिस' म्हणाला असेल तर घरी त्याला फैलावर घ्या. आपल्या शाळेत दोन्हीला एकच उत्तर होतं, 'जास्त शहाणा झालास का रे?', इंग्रजीत ह्या अतिशहाण्याला स्मार्ट अॅलेक म्हणतात.

प्रश्न : मी उन्हाळ्यात मुलीकडे न्यू जर्सीला होते. सात वर्षांची नात मला म्हणाली, 'आजी, यू आर सो रूड.' एकदा मी 'पाणी आण गं' म्हटले म्हणून आणि एकदा शेजारच्या बाईंना 'यू हॅव बिकम फॅट' म्हटले म्हणून. मी प्रेमाने म्हटले होते हो. मुलगी पण तिचीच बाजू घेते. मी खरेच रूड आहे का? (कर्वेनगर)

उत्तर : आजी, पाण्याच्या केसमध्ये तुम्ही निर्दोष, शेजारणीच्या केसमध्ये जरा अवघड आहे.

पाण्याचं असं की आपल्याकडे घरच्या माणसाला प्लीज आणि थँक्यू म्हणणं हाच एक प्रकारचा रुसवा असतो. आईला 'थँक्यू' म्हटलं तर ती म्हणेल, 'आभार कसले मानतेस, परकी आहे का मी?' आणि 'आण गं' मधला 'गं' काय कमी आहे? त्याच्यात सगळी माया आली. पण नात जिथे वाढतेय तिथे बोलायला लागल्यापासून पोरांना 'व्हॉट्स द मॅजिक वर्ड?' करून प्लीज म्हणायला लावतात, प्लीज म्हटल्याशिवाय बिस्किटसुद्धा हातात पडत नाही, आणि तिथे आईसुद्धा मुलीला प्लीज म्हणते. तिच्या दृष्टीने तिने तुम्हाला तोच नियम लावला जो तिला लावतात, म्हणजे तशी न्यायीच आहे पोरगी. बरं तिला 'गं' ऐकूच येत नसणार, मराठी समजत असलं तरी.

शेजारणीचं वेगळं. आपण 'बारीक झालीस गं' म्हणतो त्यात काळजी असते, आणि अंगाने भरलेल्या बाईला 'मानवलंय तुला' म्हणतो, किती छान शब्द आहे, त्यात लठ्ठपणाचा ल पण नाही. तुमच्या मनात 'मानवलंय' होतं आणि तोंडातून 'फॅट' गेलं. इंग्रजीत वजन, वय, पगार, मूल कधी, लग्न का नाही, ह्या गोष्टी ओळखीच्या माणसालासुद्धा विचारत नाहीत, आणि विचारणाऱ्याला नोझी म्हणतात, म्हणजे नाक खुपसणारा. पुण्यातल्या जिन्यात भेटल्यावर होणाऱ्या गप्पांमधून हे सगळं वजा केलं तर हवापाणी सोडून काय उरतं मला माहीत नाही, आणि म्हणूनच तिकडे लोक हवेवर एवढं बोलतात.

तुम्हाला लागू पडणारा शब्द रूड नाही, टॅक्टलेस आहे. हेतू वाईट नाही, पण कुठे काय बोलावं ह्याचं भान सुटलं, असा. मोठी माणसं हा फरक करतात, सात वर्षांच्या मुलीकडे एकच शब्द असतो, रूड, आणि तो ती आजी, बस ड्रायव्हर आणि रांगेत पुढे घुसलेला मुलगा सगळ्यांना चिकटवते. शेजारीण भेटली तर पुढच्या वेळी 'यू लुक वेल' म्हणा, ते 'मानवलंय'च्या सगळ्यात जवळ जातं. आणि नातीला तिकडे असताना 'कॅन यू गेट मी सम वॉटर, प्लीज?' म्हणून बघा, पण ती इकडे आली की तुमचे नियम.

प्रश्न : माझ्या गाईड मॅडम व्हॉट्सअॅपवर फक्त 'फाईन.' 'नोटेड.' असं लिहितात, पुढे फुलस्टॉप. मला रात्रभर टेन्शन. रागावल्यात का? (एफसी रोड)

उत्तर : मॅडमचं वय काय? पन्नाशीच्या पुढे असतील तर त्यांनी फुलस्टॉप छडीच्या धाकाने शिकलाय, तो त्यांच्या हातातून आपोआप पडतो, झोप तू. पण तुला वाटतं ते अगदीच मनाचे खेळ नाहीत. २०१५ मध्ये अमेरिकेतल्या बिंगहॅम्टन युनिव्हर्सिटीच्या संशोधकांनी कॉलेजच्या मुलांना मेसेज दाखवले होते, तेव्हा शेवटी फुलस्टॉप असलेली छोटी उत्तरं मुलांना कमी मनापासूनची वाटली, आणि तीच उत्तरं हाताने लिहिलेल्या चिठ्ठीत दाखवली तर मात्र काही फरक पडला नाही. म्हणजे दोष ठिपक्याचा नाही, मोबाईलवर मेसेज सोडला की वाक्य संपतंच, मग वर आणखी ठिपका कशाला असा तो प्रकार.

प्रश्न : मी खराडीला अमेरिकन कस्टमर सपोर्टला आहे. परवा एक कस्टमर म्हणाला 'डोन्ट बी कंडिसेंडिंग'. मी एवढंच म्हणाले होते, 'अॅज आय ऑलरेडी टोल्ड यू सर, यू हॅव टू रिस्टार्ट द मशीन फर्स्ट, ओके?' सर पण म्हटलं! माझा स्कोअर गेला. (वडगाव शेरी)

उत्तर : वर कोथरूडच्या आईंना जे शब्द सांगितले ते खालून वर जाणारे, आता हे वरून खाली येणारे. कंडिसेंड म्हणजे शब्दशः खाली उतरणं, मी माझ्या उंचीवरून तुझ्यासाठी खाली उतरून बोलतोय असा भाव. पॅट्रनायझिंग म्हणजे मोठ्या माणसाला लहान मुलासारखं समजावणं, गोड बोलून. सुपरसिलियस हा लॅटिनमधल्या भुवईच्या शब्दावरून आलाय, भुवई वर चढवून बोलणारा, शिष्ट. ह्यात आवाज चढत नाही, वाईट शब्द येत नाही, उलट 'सर' 'मॅम' भरपूर असतं, आणि म्हणूनच समोरच्याला जास्त झोंबतं, कारण तक्रार करायची तर बोट ठेवायचं कशावर?

तुझ्या वाक्यात त्याने बोट ठेवलंय त्या जागा अशा. 'ऑलरेडी टोल्ड यू' म्हणजे तुला एकदा सांगून कळत नाही. 'ओके?' म्हणजे आपलं 'कळलं का?', जे आपण वर्गात आणि घरी सर्रास म्हणतो, 'अंडरस्टूड?' तर त्याहून वाईट. आणि 'यू हॅव टू', हे तर मराठीतून सरळ उचललेलं, 'तुम्हाला रिस्टार्ट करावं लागेल', आपल्याकडे ह्यात कणभर सक्ती नाही, साधी माहिती आहे, पण इंग्रजीत ते दमात घेतल्यासारखं वाटतं. 'लेट्स ट्राय रिस्टार्टिंग इट फर्स्ट' म्हण, म्हणजे तू पण त्याच्या बाजूने उभी राहिलीस. 'अॅक्चुअली', 'ऑब्व्हियसली', 'सिम्पली' हे जपून. आणि चिडलेल्या माणसाला 'काम डाऊन' कधीच म्हणू नकोस, ते ऐकून शांत झालेला माणूस माझ्या तरी पाहण्यात नाही.

ह्याच घरातला एक भाऊ म्हणजे स्नाइड, आपला खवचट. ऑफिसात 'पर माय लास्ट ईमेल' लिहितात ना, म्हणजे 'आधीचा मेल वाचायचे कष्ट घेतले असते तर', ते हे. ब्रिटिश माणूस 'विथ द ग्रेटेस्ट रिस्पेक्ट' म्हणाला की समजायचं आता तो आपल्याला मूर्ख ठरवणार. पुण्यात हे शिकवायला लागत नाही, 'तुमचंच बरोबर असेल हो' हे वाक्य कुठल्या सुरात म्हणायचं ते आपल्याकडे जन्मतःच येतं.

प्रश्न : इंग्रजीत तू-तुम्ही नाही, सगळ्यांना यू. मग भांडणात माणूस एकदम 'अहो'वरून 'अरे'वर घसरतो तो परिणाम ते कसा साधतात? (नारायण पेठ)

उत्तर : एके काळी अगदी आपल्यासारखाच साधायचे. 'दाऊ' म्हणजे तू आणि 'यू' म्हणजे तुम्ही असं होतं. १६०३ साली सर वॉल्टर रॅलीवर राजद्रोहाचा खटला चालला तेव्हा सरकारी वकील एडवर्ड कोक भर कोर्टात त्याला म्हणाला, 'आय दाऊ दी, दाऊ ट्रेटर', म्हणजे मी तुला अरे-तुरेच करणार, गद्दारा. राणीच्या दरबारात मिरवलेला माणूस तो, त्याला सगळ्यांसमोर एकेरीवर आणलं! पुढे त्याच शतकात क्वेकर नावाच्या ख्रिस्ती पंथाच्या लोकांनी ठरवलं की देवापुढे सगळे सारखे, तर आम्ही लहानमोठ्या सगळ्यांना 'दाऊ'च म्हणणार आणि कोणापुढे टोपी काढणार नाही, आणि त्यापायी बिचाऱ्यांनी शिव्या खाल्ल्या, मार खाल्ला. त्यांच्या दृष्टीने समता, ऐकणाऱ्याच्या दृष्टीने शुद्ध उर्मटपणा. हळूहळू नेहमीच्या बोलण्यातून दाऊ गेला आणि प्रार्थनेत राहिला, त्यामुळे आज इंग्रजी वाचणाऱ्याला तो उलट फार आदराचा वाटतो. आपणही विठ्ठलाला तूच म्हणतो की.

आता ते हा परिणाम दुसरीकडून आणतात. एरवी जॉन म्हणणारा माणूस एकदम 'मिस्टर स्मिथ' म्हणायला लागला की समजायचं बिनसलं. 'लिसन, मिस्टर' म्हणजे 'ओ मिस्टर, ऐका'. आणि जिथे उघड बोलताच येत नाही तिथे तर कारागिरी बघावी. ब्रिटिश पार्लमेंटमध्ये दुसऱ्या सदस्याला खोटारडा म्हणता येत नाही. तिथेच १९०६ मध्ये चर्चिलने 'टर्मिनॉलॉजिकल इनएक्झॅक्टिट्यूड' असा लांबलचक शब्दप्रयोग केला, म्हणजे परिभाषेतला अचूकपणाचा अभाव, आणि पुढे लोक खोटं बोलण्यालाच गमतीने तसं म्हणायला लागले. १९८६ मध्ये रॉबर्ट आर्मस्ट्राँग नावाचे ब्रिटनचे बडे सरकारी अधिकारी ऑस्ट्रेलियातल्या एका खटल्यात साक्ष देताना 'इकॉनॉमिकल विथ द ट्रुथ' म्हणाले, सत्याच्या बाबतीत काटकसर, ते तर आता रोजच्या भाषेत आलंय. ज्यांना ही कारागिरी मंजूर नव्हती ते खासदार डेनिस स्किनर २०१६ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान डेव्हिड कॅमेरॉनना सरळ 'डॉजी डेव्ह' म्हणाले, म्हणजे आपलं 'लबाड डेव्ह', शब्द मागे घ्या म्हटलं तर तेच परत म्हणाले, आणि त्यांना त्या दिवसापुरतं सभागृहाबाहेर काढलं.

प्रश्न : आमच्या सोसायटीत बरीच अमराठी मंडळी आहेत म्हणून सेक्रेटरी ह्या नात्याने मी गेटवर इंग्रजीत नोटीस लावली. 'ऑल आर हिअरबाय वॉर्न्ड नॉट टू पार्क इन फ्रंट ऑफ गेट. टायर्स विल बी डिफ्लेटेड. बाय ऑर्डर.' तर एक भाडेकरू म्हणाले फार रूड आहे. पुणेरी पाट्या लोक फोटो काढून फॉरवर्ड करतात आणि माझीच नोटीस रूड? (वारजे)

उत्तर : साहेब, पुणेरी पाटी उद्धट असते पण तिरकस असते, वाचणाऱ्याला वाटतं हे आपल्यासाठी नाही, तो दुसरा कोणीतरी बिनडोक आहे ना त्याच्यासाठी आहे, म्हणून तो हसतो. तुमच्या नोटिशीत तिरकसपणा नाहीये, नुसता दम आहे. 'हिअरबाय वॉर्न्ड' आणि 'बाय ऑर्डर' ही कोर्टकचेरीची भाषा, आणि सोसायटीच्या गेटवर ती लावली की त्याला रूडपेक्षा ऑफिशस म्हणतात, म्हणजे आहे त्यापेक्षा जास्त अधिकार दाखवणारा. (तुमचा अधिकार आहेच, मी दिसण्याबद्दल बोलतेय, रागावू नका.) गंमत म्हणजे अशा वेळी इंग्रजीत कारण दिलं की निम्मं काम होतं, कारण कारण सांगणं म्हणजे समोरच्याला अक्कल आहे असं धरून चालणं. 'प्लीज कीप द गेट क्लिअर. अॅम्ब्युलन्स अँड स्कूल बस नीड टू गेट थ्रू. थँक यू.' एवढं पुरे. खाली 'मॅनेजिंग कमिटी' लिहा, म्हणजे उद्या भांडण झालंच तर ते एकट्या तुमच्याशी होणार नाही. आणि ते टायरची हवा सोडण्याचं वाक्य तर आजच काढा, रूड आहे म्हणून नाही, दुसऱ्याच्या गाडीची हवा खरोखर सोडलीत तर प्रकरण तुमच्याच अंगाशी येईल आणि सोडणार असल्याचा पुरावा तुम्हीच गेटवर टांगून ठेवलाय म्हणून.